सिनेरामा की सिनेमास्कोप?

१९४६च्या सुमारास अमेरिकेत दर आठवड्याला आठ-नऊ कोटी तिकिटं खपत. पुढे लोक उपनगरांत राहायला गेले, घरात टीव्ही आला आणि थिएटरं ओस पडू लागली. टीव्हीच्या पेटीत मावणार नाही असं काही दाखवायचं म्हणून पडदा रुंद झाला. तो कुणी रुंद केला हे सांगताना सिनेरामा आणि सिनेमास्कोप यांची हमखास गल्लत होते.

सिनेरामा आधीचा. अमेरिकी संशोधक फ्रेड वॉलरची ही करामत ३० सप्टेंबर १९५२ला न्यूयॉर्कमध्ये लोकांसमोर आली. तीन लेन्सचा कॅमेरा, ३५ एमएमच्या तीन फिल्म, तीन प्रोजेक्टर आणि अर्धगोलाकडे झुकणारा वक्र पडदा. हा पडदाही सलग नव्हे, उभ्या पट्ट्यांचा. नाहीतर एका टोकाचा उजेड दुसऱ्या टोकावर परावर्तित होऊन चित्र फिकं पडलं असतं. इतकं करूनही तीन चित्रांचे सांधे दिसायचेच. दोन नट वेगवेगळ्या भागांत उभे असले, तर एकमेकांकडे बघतोय असं वाटावं म्हणून त्यांना भलतीकडेच बघावं लागे! विमानातून दिसणारे डोंगर आणि रोलर कोस्टर यांसाठी उत्तम, पण गोष्ट सांगायला अवघड. शिवाय त्यासाठी अख्खं थिएटरच नव्यानं सजवावं लागे.

सिनेमास्कोप मुळात एक लेन्स. फ्रेंच शास्त्रज्ञ आन्री क्रेतिएंची जुनी कल्पना ट्वेंटिएथ सेंच्युरी फॉक्सनं उचलली आणि सप्टेंबर १९५३मध्ये 'द रोब' आणला. चित्र आडवं दाबून नेहमीच्याच फिल्मवर घ्यायचं आणि प्रोजेक्टरवर उलट लेन्स लावून पसरायचं. सुरुवातीच्या लेन्समधून क्लोजअपमधले चेहरे गालगुंड झाल्यासारखे सुजलेले दिसत, हा भाग वेगळा.

माझ्या मते सिनेमास्कोपचं यश तंत्रापेक्षा व्यवहारातलं आहे. १९४८मध्ये पॅरामाउंट स्टुडिओच्या खटल्यात अमेरिकी सर्वोच्च न्यायालयानं दिलेल्या निकालानंतर मोठ्या स्टुडिओंना आपली थिएटरं विकावी लागत होती. त्यामुळे थिएटरमालकाला परवडेल तेच चालणार होतं. सिनेमास्कोपसोबत स्टिरिओ ध्वनीही बसवायची फॉक्सची अट होती. तो खर्च छोट्या मालकांना झेपेना, तेव्हा फॉक्सनं १९५४मध्ये ती अटही सोडली. लेन्स कुठंही नेता येते. गुरुदत्तनी १९५९चा 'कागज के फूल' सिनेमास्कोपमध्येच काढला.

गल्लतीला सिनेरामावालेही जबाबदार आहेत. १९६३पासून त्यांनी तीन फिल्मचा खटाटोप सोडला आणि एकाच ७० एमएम फिल्मवरच्या चित्रपटांनाही 'सिनेरामा' हेच नाव लावलं.