निगेटिव्हमधलं काळं आकाश

1850च्या दशकातले निसर्गाचे फोटो पाहिले तर झाडं, भिंती, पायऱ्या रेखीव दिसतात. आकाश मात्र बहुतेक वेळा कोरं. ढगांचा मागमूस नाही. दोष हवेचा नव्हता, निगेटिव्हमधल्या, म्हणजे ज्यावरून फोटो छापतात त्या उलट्या काळ्या-पांढऱ्या प्रतीतल्या, रसायनाचा होता.

इंग्लंडमध्ये विल्यम हेन्री फॉक्स टॅलबॉट यांनी 1835मध्ये मिठाच्या पाण्यात भिजवलेल्या कागदावर सिल्व्हर नायट्रेट लावून निगेटिव्ह मिळवली. कागदात तयार झालेल्या सिल्व्हर क्लोराइडवर उजेड पडला, की चांदीचे कण सुटे होतात. इतकी बारीक चांदी चमकत नाही, काळपट दिसते. म्हणून उजेडाच्या जागी काळं. पण सगळं काम प्रकाशानेच करायचं, त्यामुळे वेळ फार लागे.

1840मध्ये त्यांना यावर तोड सापडली. सिल्व्हर आयोडाइडच्या कागदावर थोडाच वेळ उजेड पडू दिला तर डोळ्यांना काहीच दिसत नाही. मात्र त्यावर गॅलिक आम्ल आणि सिल्व्हर नायट्रेटचं मिश्रण फिरवलं, की चित्र उमटू लागतं. प्रकाशाने चांदीचे मोजके अणू तयार केलेले असतात. द्रावणातली चांदी नेमकी त्यांच्यावरच साचत जाते. माझ्या मते फोटोग्राफीचा खरा शोध हाच. उरलेलं आयोडाइड हायपोने (सोडियम थायोसल्फेटच्या द्रावणाने) धुऊन काढायचं, कागद पारदर्शक व्हावा म्हणून मेण लावायचं. तरी कागदाचे तंतू छापात उतरतच. एडिनबरोच्या हिल आणि ॲडमसन या फोटोग्राफर जोडीच्या व्यक्तिचित्रांतला मऊपणा त्या तंतूंचाच!

1851मध्ये फ्रेडरिक स्कॉट आर्चर यांनी काचेवर कलोडियनचा, म्हणजे ईथर-अल्कोहोलमध्ये विरघळवलेल्या गनकॉटनच्या चिकट द्रावणाचा, थर देऊन तंतूंचा प्रश्न मिटवला. नवी कटकट अशी, की काच ओली असतानाच फोटो घेऊन डेव्हलप करायचा, म्हणजे द्रावणाने चित्र उमटवायचं. थर वाळला की द्रावण आत शिरत नाही. मग डोंगरावरही अंधारा तंबू सोबत न्यावा लागे.

आकाशाचा प्रश्न मात्र तसाच राहिला. काचेवरही प्रकाश टिपणाऱ्या सिल्व्हर आयोडाइडला निळा आणि जांभळा प्रकाश जाणवतो, हिरवा-लाल जवळपास नाही. त्यामुळे जमीन उमटेपर्यंत निळं आकाश निगेटिव्हवर पांढऱ्या ढगांइतकंच काळं होई आणि छापात दोन्ही पांढरे. पॅरिसचे ग्युस्ताव ल ग्रे यांनी समुद्राची एक आणि ढगांची दुसरी निगेटिव्ह घेऊन दोन्ही एकाच कागदावर छापल्या, जोड क्षितिजरेषेवर लपवला. एवढंच नव्हे, तर एकच आकाश त्यांनी वेगवेगळ्या समुद्रांवर वापरलं.