बाटलीवर पंधरा, गालावर किती?

मागच्या मे महिन्यात आमच्याकडं लग्न होतं, मुहूर्त १२ वाजून ३५ मिनिटांनी, आणि परण्या, म्हणजे नवरदेवाची मिरवणूक, निघाला तेव्हा बाहेर डांबर पाघळत होतं. वहिनी नटूनथटून वरातीत पुढं. मी म्हटलं सनस्क्रीन लावलंस का गं, तर म्हणे, "ताई, फाउंडेशनमध्येच आहे की ओ, एसपीएफ पंधरा. अजून किती थापायचं?"

प्रश्न चुकीचा नव्हता. बाटलीवर लिहिलेलं खोटं नसतं, पण ते ज्या अटीवर खरं असतं ती अट बाटलीवर नसते.

आधी ऊन बघू. आपलं घड्याळ ज्या रेखांशावर चालतं त्याच्या बऱ्याच पश्चिमेला आपलं सोलापूर, त्यामुळं मे महिन्यात आपली खरी मध्यान्ह १२ ला नाही तर १२ वाजून २० मिनिटांच्या आसपास होते. त्यातून मेच्या दुसऱ्या आठवड्यात सूर्य इथं अगदी डोक्यावर येतो, सावली पायाखाली जाते. म्हणजे भटजींनी काढलेला मुहूर्त आणि अतिनील किरणांचा मुहूर्त जवळजवळ एकच. आणि गंमत अशी की ऊन चटका देतं ते किरण वेगळे, कातडी भाजणारे अतिनील वेगळे, अतिनील अंगावर पडलेले कळतच नाहीत. जानेवारीत गड्ड्याला, म्हणजे सिद्धेश्वराच्या जत्रेत, दुपारी फिरताना ऊन किती छान वाटतं, पण तेव्हा आपली सावली बघा, आपल्यापेक्षा आखूड असते, आणि सावली आखूड म्हणजे अतिनील जोरात, थंडी असो नाहीतर उन्हाळा.

आता त्या पंधराचं. एसपीएफ म्हणजे त्वचा लाल व्हायला नुसत्यापेक्षा किती पट जास्त ऊन लागतं ते. पंधरा असेल तर लाल करणाऱ्या किरणांपैकी साधारण ९३ टक्के अडतात, तीस असेल तर ९७, पन्नासला ९८. पण लॅबमध्ये हे मोजताना एक चौरस सेंटिमीटर त्वचेवर २ मिलिग्रॅम माल लावतात, सगळीकडं सारखा. चेहऱ्याचं क्षेत्रफळ ४०० चौरस सेंटिमीटर धरा, म्हणजे एका वेळी पाऊण ग्रॅमच्या थोडं वर, मानेचं वेगळंच.

मी घरी हिशोब केला. फाउंडेशनची बाटली ३० मिलीची, लॅबवाल्या मापानं रोज लावली तर सव्वा महिन्यात संपायला हवी. माझ्या बाटलीच्या बुडाला मी मार्करनं उघडल्याची तारीख टाकते, संक्रांतीला उघडलेली ती लग्नापर्यंत चार महिने पुरली, तीही रोज ऑफिसला लावून. म्हणजे रोज पाव ग्रॅम, हव्या त्याच्या एक तृतीयांश. पंधराचे पाच उरले तरी नशीब म्हणायचं. आणि कॉम्पॅक्ट पावडरची ९ ग्रॅमची डबी त्या हिशोबानं अकरा दिवसांत संपायला पाहिजे! माझी तर दिवाळीपासून चालू आहे, मधल्या भागात आता कुठं पत्रा दिसायला लागलाय.

बरं जाड लावू म्हटलं तर चेहरा चेहरा राहत नाही, पिठाची गोणी होते. अंथरूण पाहून पाय पसरावेत म्हणतात ना, इथं अंथरूणच बोटभर आणि अपेक्षा सोलापुरी चादरीएवढी. शिवाय आपण फाउंडेशन सगळीकडं सारखं लावत नाही, नाकाच्या कडेला, कानापाशी, केसांच्या रेषेला हात आखडताच असतो आणि वीण विरळ असली की ऊन तिथूनच आत येतं. खाली तीसवालं सनस्क्रीन आणि वर पंधरावालं फाउंडेशन लावून पंचेचाळीस होतात असंही काही नाही. बेरीज होत नाही, साधारणपणे जो थर नीट बसलाय त्याच्या भरवशावर राहायचं, वरचा तो वरकड.

मग मेकअपमधलं ऊन-संरक्षण फुकाचंच का? इथंच मला सगळ्यात मजेशीर वाटणारी गोष्ट येते, आणि ती एसपीएफच्या आकड्यात दिसतच नाही.

आपल्या सावळ्या-गव्हाळ त्वचेला गोऱ्यांइतकं लाल पडायची भीती कमी, मेलॅनिन, म्हणजे त्वचेतलं रंगद्रव्य, थोडंफार सांभाळून घेतं. आपली खरी तक्रार डाग आणि वांग. वहिनीला बाळंतपणानंतर दोन्ही गालांवर वांग आलेत. २०१० मध्ये अमेरिकेतल्या डेट्रॉइटच्या संशोधकांनी दाखवलं की सावळ्या त्वचेवर नुसता डोळ्यांना दिसणारा प्रकाश पाडला तरी ती काळवंडते आणि बराच काळ तशीच राहते, गोऱ्या त्वचेवर मात्र तसं झालं नाही. मग २०१८ मध्ये फ्रान्समधल्या संशोधकांना रंगपेशींवर ऑप्सिन-३ नावाचं प्रथिन निळा प्रकाश ओळखताना सापडलं. ऑप्सिन म्हणजे ज्या घराण्यातली प्रथिनं आपल्या डोळ्यात असतात तेच घराणं, म्हणजे कातडीही एका अर्थानं बघते म्हणा ना.

आता साधं, लावल्यावर अदृश्य होणारं सनस्क्रीन दिसणारा प्रकाश जवळजवळ अडवत नाही. अडवणार कसं? जे दिसणारा प्रकाश अडवतं ते स्वतः दिसतंच! म्हणून इथं रंगच लागतो, आणि तो रंग म्हणजे आयर्न ऑक्साइड, लोखंडाचा गंज म्हणा. तांबडा, पिवळा, काळा, असे तीन मिसळून फाउंडेशनच्या सगळ्या शेड बनतात. तांबडा म्हणजे ज्याच्यामुळं गेरू लाल दिसतो तोच पदार्थ, फक्त शुद्ध स्वरूपात (म्हणून कुंडीचा गेरू तोंडाला फासू नका, सांगून ठेवते). तो निळा प्रकाश चांगला शोषतो. वांग असलेल्यांना डॉक्टर टिंटेड, म्हणजे त्वचेच्या रंगाचं, सनस्क्रीन सांगतात ते याचसाठी, नुसतं गोरं दिसायला नाही.

आणि त्यातच माझी एक चीड. इथल्या एका दुकानात मी फाउंडेशन बघत होते, तर बाई माझ्या हातात माझ्यापेक्षा दोन शेड उजळ बाटली देत होती, "मॅडम ब्राइट दिसतं". गडद शेडमध्ये सहसा आयर्न ऑक्साइड जास्त असतो, उजळ शेड घेतली की आपण पैसे देऊन संरक्षण कमी करून घेतो आणि वर चेहरा मानेपासून वेगळा दिसतो. शेड दुकानातल्या ट्यूबलाइटखाली बघू नका, जबड्याच्या कडेला ठिपका लावून दाराबाहेर या, आरशात शोधावा लागला म्हणजे तुमचा.

लेबलवर बाकी बघायचं फार नाही. ब्रॉड स्पेक्ट्रम लिहिलंय का, किंवा पीए आणि त्यापुढं तीन-चार अधिकची चिन्हं, कारण एसपीएफ मुख्यतः यूव्हीबीचं, म्हणजे त्वचा लाल करणाऱ्या अतिनीलचं सांगतो आणि गाडीच्या काचेतून आत येणारं दुसऱ्या प्रकारचं अतिनील, यूव्हीए, त्यात नीट येत नाही, ते पीएवरून कळतं. घटकांत आयर्न ऑक्साइडच्या जागी कधीकधी सीआय ७७४९१, ७७४९२, ७७४९९ असे नंबर असतात, तेच ते. लग्नात फ्लॅशचे फोटो असतील तर झिंक किंवा टायटॅनियम जास्त असलेलं कधीकधी फोटोत पांढरंफटक येतं, आदल्या दिवशी मोबाइलचा फ्लॅश टाकून बघा.

लावायचं असं: आधी सनस्क्रीन, तर्जनी आणि मधलं बोट भरून दोन रेघा, चेहरा आणि मान मिळून. मग चहा प्या, पाच-दहा मिनिटं जाऊ द्या, आणि मग फाउंडेशन थापटून, घासून नाही, घासलं की खालचा थर गोळा होऊन सरकतो. दोन तासांनी पुन्हा लावायचं हे मेकअपवर कटकटीचं आहे खरं, तेव्हा घाम टिपून घ्यायचा आणि रंगीत कुशनचा (डबीतल्या स्पंजात भिजवलेल्या पातळ फाउंडेशनचा) थर दाबून द्यायचा, पावडरपेक्षा ते बरं. ओठांना, खासकरून खालच्या ओठाला, एसपीएफवाली रंगीत लिपस्टिक. आणि ट्यूब स्कूटीच्या डिकीत ठेवू नका, एप्रिलमध्ये तिथं अंडं उकडेल, क्रीम फाटून पाणी वेगळं झालेलं मी स्वतः पाहिलंय.

वहिनीनं आता टिंटेड सनस्क्रीन घेतलंय, तिच्या शेडचं. त्यावरून नेहमीचा स्कार्फ. तोही मी एकदा खिडकीत उजेडाकडं धरून दाखवला, पलीकडचं लिंबाचं झाड स्पष्ट दिसत होतं. ती म्हणाली, "मग काय चादर गुंडाळू का ओ?" दुसऱ्या दिवशी मात्र गडद निळा, घट्ट विणीचा स्कार्फ बांधून गेली.