अंगभर रंग लावला की माणूस गुदमरतो?

"सगळ्या अंगाला सोनेरी रंग फासला की कातडीचा श्वास बंद होतो, माणूस काही मिनिटांत मरतो" हा फॉरवर्ड बेळगावात शिवजयंतीच्या चित्ररथांची तयारी सुरू झाली की फिरतोच. भीती वाटणारच, पण श्वास आपण फुप्फुसांनी घेतो, कातडी हवेतून ऑक्सिजन घेते तो अगदी किरकोळ आणि तोही वरच्या थरापुरता. चेक करायचंय तर बघा की, पोरं विहिरीत गळाभर पाण्यात तासभर डुंबतात, कोण गुदमरतंय काय? किंवा पुतळा बनून उभ्या कलाकाराच्या बोटाला (रंग पुसून हं, नाहीतर मशीन कायपण दाखवतं) ऑक्सिमीटर लावा, आकडा नेहमीचाच येतो. खरा धोका उष्णतेचा, जाड थराखाली घाम सुकत नाही, वैशाखाच्या उन्हात अंग तापतं, चक्कर येते. आणि ऑइल पेंट, थिनर असलं काही लावूच नका, मेकअपचाच रंग घ्या.