हाउअर कोणता आणि क्राबे कोणता?

दिग्दर्शक पॉल व्हरहोव्हन यांचा ‘सोल्जर ऑफ ऑरेंज’ (१९७७) हा चित्रपट पाहताना रुटगर हाउअर आणि येरून क्राबे या दोन डच नटांत गल्लत होणे अगदी स्वाभाविक आहे, कारण दोघेही १९४४ साली जन्मलेले, दोघेही देखणे, आणि दोघेही पुढे इंग्रजी चित्रपटांतले खलनायक म्हणून नावाजले गेले. ओळख पटवायला सुरुवातीचा एकच प्रसंग पुरेसा आहे. लायडन या डच विद्यापीठाच्या शहरात नव्या विद्यार्थ्यांचे रॅगिंग चालू असते. त्यात सूपचे भांडे डोक्यावर आपटल्याने जो रक्तबंबाळ होतो तो हाउअर, आणि ते आपटणारा क्राबे.

हाउअर यांचे आईवडील अभिनय शिकवत असत, तरी मुलगा पंधराव्या वर्षी मालवाहू जहाजावर निघून गेला. नाटकाकडे तो वळला तो त्यानंतर, आणि एका फिरत्या नाटकमंडळीत त्याने काही वर्षे काढली. क्राबे यांच्या घरी आजोबा आणि वडील दोघेही चित्रकार. क्राबे स्वतः मात्र ॲमस्टरडॅमच्या नाट्यशाळेतून रीतसर शिकून बाहेर पडले.

खरा फरक त्यांच्या खलनायकांत आहे. हाउअर यांचा खलनायक पाहताक्षणी धडकी भरवतो आणि मग हळूहळू हळवा होत जातो. ‘ब्लेड रनर’ (१९८२) मधील रॉय बॅटीचे मरतेवेळचे भाषण त्यांनी स्वतः कापून लहान केले आणि पावसात विरून जाणाऱ्या अश्रूंची ओळ पदरची घातली. क्राबे यांचे नेमके उलटे. बाँडपटातला (१९८७) त्यांचा जनरल कोस्कोव्ह ज्याला त्याला मिठ्या मारत फिरतो, तर ‘द फ्युजिटिव्ह’ (१९९३) मधील डॉक्टर निकोल्स फरारी मित्राच्या हाती पैसे ठेवतो, आणि कटाचा सूत्रधार तोच निघतो. हे काम मला अधिक कठीण वाटते, कारण दुसऱ्यांदा पाहतानाही त्या माणसावर विश्वास टाकावासा वाटतो.

सोबिबोर या नाझी मृत्युछावणीशी दोघांचाही संबंध आला, पण फार वेगळ्या वाटेने. तिथल्या बंडावरील १९८७ च्या टीव्हीपटात हाउअर यांनी सोव्हिएत अधिकारी पेचेर्स्की साकारला आणि त्यासाठी त्यांना गोल्डन ग्लोब मिळाला. क्राबे यांच्या आईचे वडील १९४३ साली त्याच छावणीत मारले गेले होते. त्या आजोबांचे आयुष्य क्राबे यांनी नऊ चित्रांत रंगवले.