फिरतीवरचं फोटो एडिटिंग

फोन, टॅब नाहीतर कमी रॅमच्या जुन्या लॅपटॉपवर चालणारं आणि फोटो काढला त्याच जागी उजेड, रंग, क्रॉप नीट करून पुढं पाठवता येईल असं सॉफ्टवेअर म्हणजे हलकं फोटो-एडिटिंग सॉफ्टवेअर. बेळगाव, खानापूर, निपाणी, चिकोडी ह्या सीमाभागात लग्न, साखरपुडा, बारसं करत फिरणारे फोटोग्राफर आता हे रोज वापरतात, कारण छापील करिज्मा अल्बम यायला वेळ लागतो आणि नवरीच्या मामाला मात्र अक्षता पडायच्या आधी स्टेटसला फोटो पाहिजे असतो, "काय करूलास, टाक की लवकर" म्हणून मागं लागलेला असतो.

हलकं कशाला म्हणायचं ह्यात लोकांचा गोंधळ होतो. अ‍ॅप डाउनलोडला छोटं आहे एवढ्यावरनं काही कळत नाही. २४ मेगापिक्सेलचा जेपीईजी कार्डावर ८-१० एमबी असतो, पण उघडला की पिक्सेलमागं ४ बाइट धरून रॅममध्ये ९६ एमबी खातो, वर एक लेयर, म्हणजे फोटोवरचा दुसरा थर, चढवला की दुप्पट. म्हणून चांगली अ‍ॅप्स स्क्रीनवर लहान प्रिव्ह्यू दाखवतात, तुम्ही काय काय केलं त्याची नुसती यादी ठेवतात आणि शेवटी एक्स्पोर्ट करताना ती पूर्ण फोटोवर लावतात, मूळ फाइलला हात लागत नाही. आणि आपल्याकडं खरी गोष्ट म्हणजे नेट. जांबोटी, कणकुंबीकडं जंगलात शिरलं की रेंज जाते, तिथं क्लाउडवर फोटो चढवून काम करणारं अ‍ॅप कितीही छोटं असूदे, ते जडच.

स्टुडिओतलं फोटोशॉप १९९० चं. इरफानव्ह्यू १९९६ पासून आहे आणि अजून काही एमबीतच बसतं, जुन्या लॅपटॉपवर भराभर फोटो बघून नको ते उडवायला त्याच्यासारखं दुसरं नाही. पिकासा गूगलनं २००४ मध्ये घेतलं आणि २०१६ मध्ये बंद केलं, ते चांगलं होतं बिचारं. स्नॅपसीड २०११ मध्ये आयपॅडवर आलं, पुढच्या वर्षी गूगलनं ती कंपनीच घेतली आणि त्याच डिसेंबरात ते अँड्रॉइडवर फुकट आलं. लाइटरूम २०१४ मध्ये आयपॅडवर आणि २०१५ मध्ये अँड्रॉइड फोनवर. फोटोपी ब्राउझरमध्येच पीएसडी, म्हणजे फोटोशॉपची फाइल, उघडतं.

ह्या अ‍ॅप्सची खरी परीक्षा हळदीत होते. फ्रेमभर पिवळं असलं की कॅमेऱ्याचा ऑटो व्हाइट बॅलन्स, म्हणजे पांढरं पांढरंच दिसावं म्हणून आपोआप रंग जुळवणारी सोय, घाबरतो आणि रंग निळ्याकडं ढकलतो, मग हळद फिकी आणि नवरदेव तापातनं उठल्यासारखा दिसतो. अ‍ॅपमध्ये ड्रॉपरनं पांढरी जागा दाखवायची असते, पण भटजींच्या धोतरावर हळद उडालेली आणि मांडवाच्या पांढऱ्या कापडावर गुलाबी एलईडी. मी पाटाभोवतीची पांढरी रांगोळी पकडतो, ती विस्कटायच्या आत एक फोटो मुद्दाम तिच्यासाठी काढून ठेवतो, आणि तीच सेटिंग कॉपी करून सगळ्या हळदीला चिकटवतो. गोकाकला पण हाच घोळ. पावसाळ्यात घटप्रभेचं पाणी तांबूस होऊन ५० मीटरच्या वरनं पडतं, ऑटो दाबलं की राखाडी होतं, मग तो गोकाकचा धबधबा वाटतच नाही.

रंग एवढे ओढायचे असले तर रॉ, म्हणजे सेन्सरची कच्ची फाइल, काढलेली बरी. जेपीईजीत एका रंगाच्या २५६ पायऱ्या, १४ बिट रॉमध्ये १६,३८४. पण रॉची एक फाइल २५-३० एमबीची, फोनला जोडायच्या ओटीजी कार्ड रीडरनं फोनमध्ये घ्यायला बसलं तर फोन भरतो, त्यामुळं रॉ आणि जेपीईजी दोन्ही काढून फोनवर फक्त जेपीईजी घेणारे बरेच आहेत.

बॅनरचं काम वेगळं, शुभेच्छा मराठीत आणि पत्ता कन्नडमध्ये असं सर्रास असतं. युनिकोड नीट न समजणाऱ्या अ‍ॅपमध्ये जोडाक्षरं फुटतात, वेलांटी अक्षराच्या पलीकडं जाऊन पडते. गिऱ्हाइकाला दाखवायच्या आधी दोन्ही लिपी मोठ्या करून बघायच्या.

पाठवतानाची चूक मी स्वतः केलीय. घाईत निवडलेले फोटो व्हॉट्सअ‍ॅपवर साधेच पाठवले आणि महिन्यानं अल्बमला तेच उचलून दिले. व्हॉट्सअ‍ॅपनं ते १६०० पिक्सेलवर आणून ठेवले होते, म्हणजे ३०० डीपीआयनं, इंचाला ३०० ठिपके धरून, छापलं तर सव्वापाच इंच, आणि अल्बमचं पान ३६ इंच रुंद. अल्बमवाल्यानं फाइल बघून नुसतं माझ्याकडं बघितलं. तेव्हापासनं डॉक्युमेंट म्हणून पाठवतो, आणि कार्ड घरी दोन ठिकाणी उतरल्याशिवाय फॉरमॅट करत नाही.