जॉन कोलमन
कोलमन, जॉन डग्लस (२३ नोव्हेंबर १९२८ – ५ एप्रिल १९७३). ऑस्ट्रेलियन रूल्स फुटबॉलमधील विख्यात गोलंदाज. ‘गोलंदाज’ इथे गोल करणारा या अर्थाने, क्रिकेटचा नव्हे. जन्म ऑस्ट्रेलियाच्या व्हिक्टोरिया राज्यातील पोर्ट फेरी येथे. मेलबर्नच्या एसेंडन संघाकडून १९४९ ते १९५४ या काळात तो ९८ सामने खेळला आणि त्यांत त्याने ५३७ गोल केले. सरासरी सामन्यामागे साडेपाचच्या आसपास पडते. व्हिक्टोरियन फुटबॉल लीगच्या इतिहासात या बाबतीत त्याच्या पुढे पीटर हडसन तेवढा आहे.

हा खेळ आपल्याकडच्या फुटबॉलपेक्षा अगदी वेगळा. क्रिकेटच्या लंबगोल मैदानावर हिवाळ्यात दोन्ही बाजूंनी अठरा-अठरा खेळाडू लंबगोलच चेंडू घेऊन उतरतात. दोन्ही टोकांना चार-चार खांब असतात. मधल्या दोन खांबांमधून लाथेने चेंडू गेला तर गोल, म्हणजे ६ गुण. बाजूच्या फटीतून गेला तर ‘बिहाइंड’, म्हणजे १ गुण. लाथाडलेला चेंडू हवेत स्वच्छ झेलला की तो ‘मार्क’, आणि झेलणाऱ्याला निवांत लाथ मारायची मुभा मिळते. कोलमनची खरी ओळख या मार्कमुळे. अंगाने तो सडपातळ होता, पण उडी अशी की प्रतिस्पर्ध्याच्या खांद्याच्याही वर जाऊन चेंडू झेलायचा. गोलाच्या तोंडाशी उभा राहणारा ‘फुल फॉरवर्ड’ ही त्याची जागा.

लीगमध्ये येण्याआधी तो हेस्टिंग्ज या गावच्या संघाकडून गोलांचा पाऊस पाडत होता. १९४९ च्या हंगामातील पहिल्याच सामन्यात, विंडी हिलच्या घरच्या मैदानावर हॉथॉर्नविरुद्ध त्याने १२ गोल केले. पदार्पणातला हा विक्रम अजून मोडलेला नाही. त्याच वर्षी अंतिम सामन्यात एसेंडनने कार्लटनला १२५ विरुद्ध ५२ असे चारी मुंड्या चीत केले. निकाल केव्हाच लागला होता. उत्सुकता उरली होती ती एकाच आकड्याची. शेवटच्या क्वार्टरमध्ये कोलमनने हंगामातला १०० वा गोल मारला आणि हिशेब बरोब्बर शंभरावर थांबला. पदार्पणाच्या हंगामात शंभरी गाठणारा दुसरा कोणी झालेला नाही. १९५० मध्ये त्याने १२० गोल केले आणि एसेंडनने पुन्हा विजेतेपद पटकावले.

१९५१ चे प्रकरण मात्र एसेंडनकरांच्या मनातून गेलेले नाही. साखळीतील शेवटच्या सामन्यात कार्लटनचा हॅरी कॅस्पर आणि कोलमन यांची हाणामारी झाली. आधी कुरापत कॅस्परने काढली आणि कोलमनने उलट मारले, असे चौकशीत पुढे आले. तरीही शिक्षा दोघांनाही सारखीच, चार सामन्यांची बंदी. हॅरिसन हाउस या लीगच्या कार्यालयाबाहेर, गर्दीसमोर बावीस वर्षांचा हा तरुण रडला. अंतिम सामना एसेंडनने गिलाँगकडून ११ गुणांनी गमावला. अकरा गुण म्हणजे दोन गोलही नव्हेत. कोलमन असता तर काय झाले असते, याचे उत्तर एसेंडनच्या पाठीराख्यांना आकडेमोड न करताही ठाऊक असते.

त्यानंतर १९५२ मध्ये १०३ आणि १९५३ मध्ये ९७ गोल करून तो पुन्हा लीगमध्ये अव्वल राहिला. १९५४ मध्ये फिट्झरॉयविरुद्ध एकाच सामन्यात १४ गोल झाले, आणि पुढच्याच आठवड्यात नॉर्थ मेलबर्नविरुद्ध गुडघा निखळला. त्या वर्षीच्या आठ सामन्यांत ४२ गोल झाले होते. परतण्याचा प्रयत्न त्याने केला, पण गुडघ्याने साथ दिली नाही. पंचविसाव्या वर्षीच कारकीर्द संपली.

पुढे १९६१ पासून १९६७ पर्यंत त्याने एसेंडनचे प्रशिक्षकपद सांभाळले आणि १९६२ व १९६५ अशी दोन विजेतेपदे मिळवून दिली. उपजीविकेसाठी तो हॉटेल चालवत असे. ड्रोमाना येथे वयाच्या ४४ व्या वर्षी हृदयविकाराने त्याचे निधन झाले.

१९९६ मध्ये ऑस्ट्रेलियन फुटबॉल हॉल ऑफ फेमच्या पहिल्या ‘लेजंड’ खेळाडूंत त्याचा समावेश झाला. साखळीत सर्वाधिक गोल करणाऱ्याला मिळणारे ‘कोलमन पदक’ त्याच्याच नावाचे. गंमत अशी की या पदकासाठी बाद फेरीतले गोल धरत नाहीत. म्हणजे १९४९ चा तो शंभरावा गोल खुद्द कोलमनच्या पदकाच्या हिशेबात बसला नसता.