टपाल कर्मचाऱ्याची बडतर्फी : न्यायालयीन पुनर्विलोकन

गैरवर्तणुकीवरून टपाल खात्यातील कर्मचाऱ्यास सेवेतून दूर करणारा आदेश कायद्याने घालून दिलेल्या रीतीने निघाला की नाही, याची न्यायाधिकरणाने किंवा न्यायालयाने केलेली तपासणी. बोलण्यात सगळ्यालाच ‘बडतर्फी’ म्हणतात. नियमांत मात्र बडतर्फी आणि ‘सेवेतून काढून टाकणे’ या दोन वेगळ्या शिक्षा आहेत. पहिलीमुळे पुढील सरकारी नोकरीचा मार्ग साधारणतः बंद होतो, दुसरीमुळे होत नाही.

सरकारी नोकरी राजाच्या मर्जीवर, हे मूळ इंग्रजी तत्त्व. त्याला भारतात मुरड केव्हा पडली याविषयी मतभेद आहेत. काही जण १९१९ च्या भारत सरकार कायद्यातील ९६-ब या कलमाकडे बोट दाखवतात. परंतु त्या कलमाखालील नियम मोडले गेले तरी न्यायालयात दाद मागता येत नाही, असे प्रिव्ही कौन्सिलने (लंडनमधील तेव्हाच्या सर्वोच्च अपील न्यायपीठाने) १९३० नंतरच्या दशकात ठरवले होते. त्यामुळे १९३५ च्या कायद्याचे २४० वे कलम हाच उगम मानणे अधिक सयुक्तिक वाटते. संविधानाचा अनुच्छेद ३११ त्याच साच्यातला आहे : दोषारोप कळवावेत, चौकशी करावी, बाजू मांडण्याची वाजवी संधी द्यावी. चौकशीनंतर, नेमकी कोणती शिक्षा द्यावी याविषयी म्हणणे मांडण्याची दुसरी संधी १९७६ च्या बेचाळिसाव्या घटनादुरुस्तीने गेली.

हे संरक्षण कोणाला, हा टपाल खात्यातला खास वाद. खेड्यातले शाखा डाकघर दिवसाचे काही तास चालवणारा ‘ईडी’, म्हणजे खात्याबाहेरील एजंट (आताचा ग्रामीण डाक सेवक), नियमित नोकर नाही. मग अनुच्छेद ३११ त्याला कसा लागू, असे सरकारचे म्हणणे होते. राजम्मा खटल्यात (१९७७) सर्वोच्च न्यायालयाने त्याचे पद ‘नागरी पद’, म्हणजे अनुच्छेद ३११ चे संरक्षण असलेले पद, ठरवले आणि चौकशीविना काढलेले आदेश टिकले नाहीत. पुढे १९९६ मध्ये दोन न्यायमूर्तींनी टपाल खाते ‘उद्योग’ नव्हे, म्हणजे तेथील कर्मचाऱ्याला कामगार न्यायालयात दाद मागता येत नाही, असे म्हटले. तीन न्यायमूर्तींच्या पीठाने १९९७ मध्ये तो निकाल चुकीचा ठरवला. प्रत्यक्षात बहुतेक दावे कामगार न्यायालयाकडे न जाता केंद्र सरकारी कर्मचाऱ्यांच्या सेवाविषयक तक्रारी ऐकणाऱ्या केंद्रीय प्रशासकीय न्यायाधिकरणाकडेच जातात, त्यामुळे या वादाचे व्यावहारिक मोल मर्यादित आहे.

नियमित कर्मचाऱ्याची चौकशी १९६५ च्या केंद्रीय नागरी सेवा नियमांतील चौदाव्या नियमानुसार होते. डाक सेवकांचे नियम निराळे. चौकशीदरम्यान डाक सेवकास ‘पुट ऑफ ड्यूटी’ करतात, म्हणजे तात्पुरते कामापासून दूर ठेवतात. नेहमीचा आरोप पैशाचा असतो : आवर्ती ठेवीचा हप्ता घेतला, पासबुकात लिहून तारखेचा शिक्काही मारला, पण त्या दिवशीच्या शाखेच्या हिशोबात रक्कम दाखवली नाही. असे पासबुक हाच मुख्य पुरावा ठरतो. फौजदारी खटल्याइतकी खात्रीशीर सिद्धता येथे लागत नाही. संभाव्यतेचे पारडे कोणीकडे झुकते एवढे पुरते.

पुनर्विलोकनाची मर्यादा चतुर्वेदी खटल्यात (१९९५) आखली गेली. निर्णय बरोबर होता का, यापेक्षा तो कसा घेतला हे पाहायचे. पुरावा मुळीच नसेल, नैसर्गिक न्याय डावलला असेल किंवा शिक्षा न्यायबुद्धीला धक्का देणारी असेल, तरच हस्तक्षेप. ‘पैसे भरून दिले’ ही सबब सहसा चालत नाही. २०२२ मध्ये एका टपाल सहायकाची शिक्षा न्यायाधिकरणाने सक्तीच्या निवृत्तीपर्यंत खाली आणली होती. सर्वोच्च न्यायालयाने मूळ शिक्षा कायम केली.

खात्यांतर्गत अपील आधी करावे लागते. त्यानंतर न्यायाधिकरणाकडे जाण्याची मुदत अंतिम आदेशापासून एक वर्षाची. चंद्रकुमार निकालापासून (१९९७) न्यायाधिकरणाविरुद्ध उच्च न्यायालयाच्या खंडपीठाकडे जाता येते. चौकशी अहवालाची प्रत न दिल्याने बाजू मांडण्यात खरोखर बाधा आली असेल तर आदेश रद्द होतो. पण करुणाकर निकालाप्रमाणे (१९९३) प्रकरण त्याच टप्प्यावर खात्याकडे परत जाते आणि मागील पगाराचा प्रश्न चौकशी संपेपर्यंत लोंबकळत राहतो.